पडद्यावरून कागदावर

संगणक आले म्हणजे कागद जाईल, असे भाकीत आपण गेली तीसचाळीस वर्षे ऐकत आलो आहोत. घडले ते निराळेच. कचेऱ्यांतील दप्तरे संगणकात गेली हे खरे. परंतु ज्याला कर्ज काढावयाचे आहे, वाटणी करावयाची आहे किंवा कोर्टात दाद मागावयाची आहे, त्याच्या हातचा कागद काही सुटला नाही. कडा, धानोरा, आष्टी या भागातला शेतकरी सेवा केंद्रापुढे उभा राहतो तो पडदा पाहण्यासाठी नव्हे, तर पडद्यावर दिसणारी आपल्या जमिनीची नोंद कागदावर उतरवून घेण्यासाठी. हे उतरवून घेणे म्हणजे नेमके काय? वेब अ‍ॅप्लिकेशनमध्ये छपाईची सोय करावयाची तर काय काय सांभाळावे लागते? आणि त्यात कसूर झाली तर ती कोणाला भोवते? या तीन प्रश्नांचा येथे विचार करावयाचा आहे.

गुंडाळी आणि पोथी

प्रथम पडदा आणि कागद यांच्या स्वभावातील भेद ध्यानात घेतला पाहिजे. आपल्याकडे जन्मपत्रिका पूर्वी लांबच लांब गुंडाळीवर लिहीत. पोथी मात्र सुट्या पानांची असे. गुंडाळी उलगडत जावे, तिला शेवटापर्यंत कोठे खंड नाही. पोथीला प्रत्येक पानाचा काठ आहे. वेब अ‍ॅप्लिकेशनचे पान हे गुंडाळीसारखे असते, आणि छापील कागद हा पोथीसारखा. गुंडाळीची पोथी करणे, हेच छपाईच्या सोयीचे मुख्य काम होय.

आपला नेहमीचा ए-फोर कागद २१० मिलिमीटर रुंद व २९७ मिलिमीटर उंच असतो. हे माप मनमानी नाही. त्याच्या बाजूंचे प्रमाण १ : १.४१४ असे आहे, म्हणून तो मधोमध दुमडला तरी अर्ध्या कागदाचे प्रमाण तेच राहते. जर्मनीत १९२२ साली हे माप ठरले आणि पुढे बहुतेक जगाने ते स्वीकारले. अमेरिकेने मात्र आपला निराळा कागद ठेवला. तो सुमारे २१६ मिलिमीटर रुंद आणि २७९ मिलिमीटर उंच आहे. तिकडे तयार झालेली काही साधने मुळात त्याच मापाची कल्पना धरून चालतात. ते माप न बदलता कोणी आपला दाखला छापला, तर मजकूर लहान होतो किंवा उजवीकडचा रकाना कापला जातो. हा दोष पडद्यावर दिसत नाही; तो प्रिंटरमधून कागद बाहेर आल्यावरच कळतो.

छपाईच्या दोन वाटा

वेब अ‍ॅप्लिकेशनमधून छापण्याच्या दोन वाटा आहेत. पहिली म्हणजे समोरचे पान ब्राउझरकडूनच छापून घेणे. त्यासाठी पानाला दोन पोशाख शिवावे लागतात: एक पडद्यासाठी, दुसरा कागदासाठी. कागदाच्या पोशाखात बटणे, शोधाची चौकट, बाजूच्या याद्या हे सारे लपवावयाचे आणि कामाचा मजकूर तेवढा ठेवावयाचा. वेबच्या मांडणीच्या नियमांत ही सोय १९९८ सालापासून आहे. ही वाट स्वस्त आणि सोपी आहे. परंतु कागदाचे माप, समास आणि अक्षराचा आकार यांवर छापणाऱ्याचा हात फिरतो, त्यामुळे तोच दाखला दोन दुकानांत दोन तऱ्हांनी निघू शकतो. शिवाय शाई वाचावी म्हणून ब्राउझर सामान्यतः पार्श्वभूमीचे रंग छापत नाहीत. ज्या तक्त्यात थकबाकीदार लाल पट्टीने दाखविले असतील, त्यात कागदावर थकबाकीदार आणि फेड केलेला असे दोघे सारखेच दिसतील! म्हणून जे रंगाने सांगितले ते शब्दानेही सांगितले पाहिजे.

दुसरी वाट म्हणजे सर्व्हरवरच पीडीएफ फाइल तयार करून ती छापणाऱ्याच्या हाती देणे. पीडीएफचा जन्म १९९३ सालचा. २००८ साली ती आंतरराष्ट्रीय मानक झाली. तीत प्रत्येक अक्षराची जागा आधीच नेमलेली असते, म्हणून कडा येथे छापा किंवा मुंबईत छापा, पान तेच निघते. पावती, दाखला, उतारा अशा ज्या कागदांना पुरावा म्हणून मान आहे, त्यांना हीच वाट योग्य. रोजच्या नजरेखालून घालावयाच्या यादीला पहिली वाट पुरे.

दाखला निराळा, तक्ता निराळा

दस्तऐवज छापणे आणि आकडेवारी छापणे ही दोन कामे एक समजू नयेत. दाखला एकदोन पानांचा असतो. तक्ता कितीही लांबू शकतो. समजा, एखाद्या सोसायटीच्या तीनशे सभासदांची यादी छापावयाची आहे. पडद्यावर एका वेळी वीस ओळी दाखविण्याची पद्धत असते. छपाईचे बटण त्या वीसच ओळी छापील, तर उरलेले दोनशे ऐंशी सभासद कागदावर नाहीतच. आणि वाचणाऱ्याला ते राहिले आहेत हे कळण्यास काही मार्ग नाही. म्हणून छपाईने पडद्यावरची यादी न घेता मूळ साठ्यातील पुरी यादी मागवावी, आणि कोणती निवड लावून ती काढली तेही वर छापावे. रकान्यांचे मथळे प्रत्येक पानावर पुन्हा यावेत. एका माणसाची ओळ दोन पानांत तुटू नये. ‘पान २ पैकी ५’ असे लिहिलेले असावे, म्हणजे मधले पान गहाळ झाले तर ध्यानात येईल. एकूण संख्या आणि छापल्याची तारीख-वेळ शेवटी असावी. कारण साठ्यातील नोंद उद्या बदलेल, कागद मात्र आजचाच राहील.

याचे चांगले उदाहरण आपल्या सातबाऱ्यातच मिळते. गाव नमुना सात म्हणजे अधिकारांची नोंद आणि नमुना बारा म्हणजे पिकांची. हा उतारा २०२० साली नव्या रूपात छापला जाऊ लागला. गावाच्या नावाशेजारी गावाचा संकेतांक आला. दोन खातेदारांच्या मध्ये तुटक रेघ आली, म्हणजे एकाचे क्षेत्र दुसऱ्याच्या नावावर वाचले जाऊ नये. रद्द झालेल्या नोंदी पूर्वी नुसत्या कंसात दाखवीत. त्यांवर आता आडवी रेघ येते. शेवटच्या फेरफाराचा क्रमांक व तारीख, तसेच एखादा फेरफार प्रलंबित आहे की नाही, हेही छापले जाते. वरवर पाहता हे बदल किरकोळ वाटतील. पण नुसत्या कंसाचा अर्थ तलाठ्याला कळतो, शेतकऱ्याला कळेलच असे नाही. रेघ मारलेली नोंद रद्द आहे हे कोणालाही समजते. याउलट ‘इतर अधिकार’ या भागातील बँकेच्या बोजाची ओळ जर पानाच्या काठाशी कापली गेली, तर जमीन घेणारा फसतो, आणि कागदात खोटे असे एकही अक्षर नसते!

अक्षरांचा प्रश्न

मराठीत छापावयाचे म्हटले की आणखी एक अडचण उभी राहते. संगणक अक्षरे उच्चाराच्या क्रमाने साठवितो. ‘कि’ या अक्षरात आधी ‘क’ आणि मग ऱ्हस्व वेलांटी साठविली जाते. छापताना मात्र वेलांटी ‘क’च्या डावीकडे यावी लागते. पूर्वी खिळे जुळविणारा कामगार हे काम हाताने करी. आता ते काम लिपीचे ज्ञान असलेल्या प्रणालीने करावयाचे. ब्राउझरला हे ज्ञान असते. पण पीडीएफ बनविणाऱ्या कित्येक साधनांना ते नसते. मग ‘हिशेब’ छापताना वेलांटी भलत्या जागी जाते, जोडाक्षरे पाय मोडून पडतात. टंक फाइलीत बांधून दिला नाही, तर अक्षरांच्या जागी चौकोन येतात. श्रीलिपी, कृतिदेव अशा जुन्या टंकांत तर दिसणारे अक्षर देवनागरी, पण साठ्यात इंग्रजी चिन्हे, असा प्रकार होता. छापील पान देखणे, परंतु त्यात नाव शोधू गेल्यास सापडत नाही.

ही बाब मराठवाड्याला नवी नाही. निजामी अमदानीतील महसुली कागद उर्दूत आहेत, काही जुने कागद मोडीत आहेत. २०२३ साली न्यायमूर्ती शिंदे समितीने कुणबी नोंदी शोधावयास घेतल्या, तेव्हा त्या वाचण्यासाठी उर्दू आणि मोडी जाणणारी माणसे धुंडाळावी लागली. ज्याला स्वतःचा कागद स्वतः वाचता येत नाही, तो दुसऱ्याच्या भरवशावर राहतो. मोडकी जोडाक्षरे छापणारे यंत्र आपल्याला त्याच स्थितीत पुन्हा नेऊन बसविते.

सही कोठे असते?

१ मे २०१८ रोजी महाराष्ट्रात डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा सुरू झाला. पंधरा रुपये भरून तो घरबसल्या उतरवून घेता येतो. या स्वाक्षरीला २००० सालच्या माहिती तंत्रज्ञान कायद्याने मान्यता दिली आहे. ती कशी चालते? फाइलीतील समग्र मजकुरावर गणित करून एक ठराविक लांबीची संख्या काढतात. मजकुरातले एक अक्षर बदलले तरी ती संख्या बदलते. अधिकाऱ्याच्या गुप्त किल्लीने या संख्येवर केलेली क्रिया, तीच सही. म्हणून फाइलीत कोणी ढवळाढवळ केली तर ती तत्काळ उघड होते.

येथेच एक गोष्ट पुष्कळांच्या लक्षात येत नाही. ही सही फाइलीत असते, कागदावर नव्हे. छापताना उमटते ते सहीचे केवळ चित्र. आणि चित्र कोणालाही काढता येते. म्हणूनच उताऱ्यावर पडताळणी क्रमांक छापलेला असतो. कागद घेणाऱ्याने सरकारी संकेतस्थळ स्वतः उघडून तेथे तो क्रमांक घालावा आणि निघालेला उतारा हातातल्या कागदाशी ताडून पाहावा. कागदावरील चौकोनी क्यूआर कोड जिकडे नेईल तिकडे डोळे झाकून जाऊ नये. खोटा कागद करणारा खोट्या स्थळाकडे नेणारा कोडही छापू शकतो. तसेच भूलेख संकेतस्थळावर फुकट दिसणारा उतारा हा माहितीपुरता असतो; तो छापून नेला म्हणून त्यास स्वाक्षरी केलेल्या उताऱ्याची किंमत येत नाही. हा भेद न कळल्यामुळे माणसाचा हेलपाटा होतो आणि एक दिवसाची मजुरी बुडते.

तात्पर्य, छपाईची सोय म्हणजे पानाच्या कोपऱ्यात एक बटण बसविणे नव्हे. जे साठ्यात आहे ते पुरे उतरले पाहिजे. जे उतरले ते वाचता आले पाहिजे. आणि जे वाचले ते खरे आहे की नाही, हे तिऱ्हाइताला तपासता आले पाहिजे. या तीन कसोट्या अ‍ॅप्लिकेशन लिहिणाऱ्याने आपल्या टेबलाशी बसून लावून पाहाव्यात, आणि निघालेला कागद एकदा तरी अशा माणसाच्या हाती द्यावा, ज्याने तो पडदा कधी पाहिलेला नाही. त्याला जर काही न विचारता त्यातले सारे समजले, तर काम झाले असे म्हणावे. पडदा मिटतो, वीज जाते, संकेतस्थळ बंद पडते. अशा वेळी सामान्य माणसाच्या हाती उरतो तो कागदच. तो त्याच्या बाजूने बोलेल इतका स्पष्ट आणि खरा असावा, एवढीच अपेक्षा आहे, आणि ती फार मोठी नाही.