परी बदल्यात काय मागते?

परीची गोष्ट आपण सारेच ऐकत आलो. परी येते, मुलीच्या हाती जादू देते आणि संकट टळतं. २००० ते २००४ या काळात स्टार प्लसवर ‘सोनपरी’ लागायची. आपल्या मृणाल कुलकर्णी त्यात परी झाल्या होत्या. नाशिकच्या आमच्या घरात थोरली लेक ती पाहताना हरखून जायची. आई नसलेल्या फ्रूटीच्या मदतीला परी धावून येई आणि बदल्यात काही मागत नसे.

जपानी कार्टून मालिकांत, म्हणजे ‘ॲनिमे’त, जादूवाल्या मुलींचा असा एक स्वतंत्र प्रकारच आहे. १९६६ साली ‘सॅली’ आली, १९९२च्या ‘सेलर मून’ने तो जगभर नेला. साचा ठरलेला: साधी शाळकरी मुलगी, बोलका प्राणी, त्याने दिलेली शक्ती, क्षणात बदलणारा पोशाख आणि दुष्टांचा पराभव.

२०११ साली ‘मादोका मागिका’ या १२ भागांच्या मालिकेने हा साचा उलटा केला. तिचे लेखक गेन उरोबुची. अकरावीतल्या धाकटीने मला शेजारी बसवून ती दाखवली. यातही मांजरासारखा गोंडस प्राणी आहे. तो म्हणतो, करार कर. एक इच्छा पुरी करतो, बदल्यात चेटकिणींशी लढ. सायाका ही मुलगी, व्हायोलिन वाजवणाऱ्या मित्राचा अधू हात बरा व्हावा, असं मागते. हात बरा होतो. मग कळतं, तिचा जीव काढून एका खड्यात ठेवलाय. निराशेने तो खडा काळवंडला की तीच चेटकीण होणार! आधी का नाही सांगितलं? तर म्हणे, तुम्ही विचारलंच नाही. आपल्या नवसात निदान काय फेडायचं ते आधी ठरतं.

इथे मला माझी आपा आठवली. मी शिकावं म्हणून तिने आठवीनंतर शाळा सोडली, शिलाई मशीनवर बसली. मी बी.ए. झालो. घरात तिच्या त्यागाचं कौतुक झालं. तिचं काय गेलं, हे कुणी विचारलं नाही. मीही नाही.

नायिका मादोका मात्र मैत्रिणींचे हाल पाहते, थांबते आणि शेवटच्या भागात, सारी किंमत कळल्यावरच मागते: एकाही मुलीची चेटकीण होऊ नये. त्यागच तो, पण जाणून केलेला.

त्या रात्री आपाला फोन केला. विचारलं, ‘‘तुला तेव्हा काय व्हायचं होतं?’’

थोडं थांबून ती म्हणाली, ‘‘शाळेत बाई.’’