एका पोस्टमनचा मृत्यू

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ब्रिटनमध्ये निघालेले गुन्हेपट पाहायला बसलं की एक गोष्ट ठळकपणे जाणवते. त्यांतले जे आजही पाहावेसे वाटतात, त्यांनी अनेकदा चालू काळाकडे पाठ फिरवलेली असते. थोरल्ड डिकिन्सन यांचा ‘गॅसलाइट’ १९४० सालचा, म्हणजे लंडनवर बॉम्ब पडू लागले त्याच वर्षातला. कथा मात्र व्हिक्टोरिया राणीच्या काळातली: एका वृद्धेचा खून, तिच्या रत्नांचा शोध आणि ‘तुला वेड लागलंय’ असं बायकोच्या मनात भरवणारा नवरा. एमजीएमने १९४४ साली इन्ग्रिड बर्गमनला घेऊन हीच कथा पुन्हा केली, तेव्हा हा आधीचा चित्रपट नामशेष करायचाही प्रयत्न केला. अँटन वॉलब्रुकने रंगवलेला तो नवरा पाहिल्यावर, तो प्रयत्न फसला याचं फार बरं वाटतं. रॉबर्ट हेमर यांचा ‘पिंक स्ट्रिंग अँड सीलिंग वॅक्स’ १९४५चा. तोही जुन्या ब्रायटनमधल्या विषप्रयोगाचा.

साहजिकच आहे. ज्यांच्या गल्लीतली घरं रात्रीतून जमीनदोस्त होत होती, त्यांना पडद्यावर परवाचा मृत्यू कसा सोसणार?

सिडनी गिलिएट यांनी युद्ध संपल्यावर लगेच नेमकं तेच धाडस केलं. ‘ग्रीन फॉर डेंजर’ १९४६ साली पाइनवूड स्टुडिओत तयार झाला. मूळ कादंबरी क्रिस्टियाना ब्रँड यांची. त्यांचे पती सर्जन होते, त्यामुळे शस्त्रक्रियेची खोली त्यांच्या लेखणीतून अगदी खरी उतरली. कादंबरीतलं लष्करी रुग्णालय चित्रपटात नागरी झालं आणि काळ आला ऑगस्ट १९४४चा, व्ही-१ या उडत्या बॉम्बचा. लोक त्याला ‘डूडलबग’ म्हणत. घरघर ऐकू येतेय तोवर भीती कमी. ती थांबली की समजायचं, आता तो खाली येणार. या बॉम्बने ब्रिटनमध्ये ६ हजारांहून अधिक माणसं मारली.

अशाच एका स्फोटात जखमी झालेला पोस्टमन हिगिन्स शस्त्रक्रियेसाठी टेबलावर येतो. दुखापत जिवावरची नसते. भूल दिली जाते, श्वास बिघडतो, ऑक्सिजन वाढवला जातो आणि तो अधिकच बिघडत जातो. भूल देणाऱ्या डॉ. बार्न्सचा एक रुग्ण पूर्वी असाच दगावलेला, त्यामुळे बोट आधी त्याच्याकडे जातं. टेबलाभोवती मास्क लावलेली माणसं; दिसतात ते फक्त डोळे. खुनी त्यांच्यातच आहे. त्या काळी ब्रिटनमध्ये ऑक्सिजनचं सिलिंडर काळं-पांढरं असे आणि कार्बन डायऑक्साइडचं हिरवं. यापुढे मी काही सांगत नाही. नाव वाचूनच जाणकारांच्या ध्यानात येईल.

तपासाला येतो अॅलेस्टर सिमचा इन्स्पेक्टर कॉक्रिल. स्वतःवर बेहद्द खूश, संशयितांना डिवचण्यात रस घेणारा, आणि आकाशात घरघर झाली की आडोसा शोधणारा. त्याची चूक होते आणि ती जीवघेणी ठरते. इतर रहस्यपटांतले गुप्तहेर शेवटी ताठ मानेने निघून जातात. याला राजीनामा लिहावा लागतो. सिमने हे हसू आणि ही शरम एकाच चेहऱ्यावर आणली आहे. रात्रीच्या अंधारात सिस्टर बेट्स एकटीच ऑपरेशन थिएटरकडे जाते, तो प्रसंग मात्र विनोदाला अजिबात जागा देत नाही. दारं आपटतात, वारा सुटलेला असतो, आणि सर्जनचा गाऊन घातलेली एक आकृती उभी असते. आपल्याला बरं करणाऱ्यांचाच तो पोशाख, म्हणून धडकी भरते.

मला यात सगळ्यांत मोलाचं वाटतं ते वेगळंच. आभाळातून रोज मरण पडत असताना एका पोस्टमनचा मृत्यू सहज त्या ढिगाऱ्यात खपून गेला असता. चित्रपट तसं होऊ देत नाही. आणि खुनामागचं कारण उलगडतं तेव्हा कळतं, की ते दुःखही बॉम्बच्या ढिगाऱ्याखालीच जन्मलेलं होतं. युद्ध माणसांच्या मनाचं काय करतं, हे त्या वर्षांतल्या कितीतरी युद्धपटांपेक्षा या एका रहस्यपटाने जास्त स्वच्छपणे सांगितलं आहे.