बंद झाकणामागची खाच

"मामा, हे झाकण उघडतच नाही."

सुट्टीत अमेरिकेहून आलेल्या भाच्याने तळहातावर मावेल एवढा करडा डबा माझ्यापुढे धरला. निन्टेंडोचा 'एनईएस क्लासिक एडिशन'. १९८५ मध्ये अमेरिकेत विकायला आलेल्या मूळ यंत्राची ही छोटी प्रतिकृती २०१६ च्या नोव्हेंबरात बाजारात आली. पुढच्या बाजूला कॅसेट आत सरकवायचं झाकण दिसतं, त्याभोवतीची फटही दिसते. नख घालून पाहिलं तर काहीच हलत नाही, कारण ते झाकण नाहीच. प्लास्टिकमध्ये कोरलेली ती नुसती रेघ आहे. आत ३० खेळ आधीच भरलेले आहेत आणि एकतिसावा घालायला वाट ठेवलेली नाही.

भाच्याला हवा होता काँट्रा. ताईने त्याला लहानपणच्या दुपारच्या गोष्टी सांगून ठेवल्या होत्या. टीव्हीला जोडलेला व्हिडिओ गेम, कॅसेट काढून तिच्यात मारलेली फुंकर, आणि तीस जिवांचा तो गुप्त क्रम: वर वर, खाली खाली, डावं उजवं, डावं उजवं, बी, ए. या डब्यातल्या ३० खेळांत काँट्राचा दुसरा भाग, 'सुपर सी', आहे. पहिला नाही. "मग आपणच घालूया की," भाचा म्हणाला. "घालता येतो का?"

येतो. डबा बाजारात आल्यावर जेमतेम दोन महिन्यांत, जानेवारी २०१७ मध्ये, त्यात नवे खेळ चढवण्याची 'हाकची २' नावाची मोफत संगणक-प्रणाली तयार झाली होती. ती कशी चालते ते पुढे सांगतोच. पण त्या न उघडणाऱ्या झाकणाकडे पाहताना मला आधी आठवण झाली ती जेरी लॉसन यांची. यंत्रात आणखी एक खेळ घालता आला पाहिजे, या कल्पनेला चालती-बोलती वस्तू बनवणारा हा अभियंता. त्यांचं नाव खेळांच्या इतिहासात फार उशिरा आलं.

जेराल्ड लॉसन १९४० साली न्यूयॉर्कमधल्या ब्रुकलिनमध्ये जन्मले. कृष्णवर्णीय घर. पोरवयातच स्वतःचं हॅम रेडिओ केंद्र उभारलेलं, वरखर्चासाठी लोकांचे टीव्ही दुरुस्त करून देत. पुढे कॅलिफोर्नियात फेअरचाइल्ड या चिप बनवणाऱ्या कंपनीत लागले. सत्तरच्या दशकाच्या मध्यावर त्यांनी घरच्या गॅरेजमध्ये कंपनीचाच मायक्रोप्रोसेसर वापरून नाणं टाकून खेळायचा एक खेळ बनवला. कंपनीला तो कळला आणि व्हिडिओ गेमचं काम त्यांच्याकडे आलं.

तोवर घरगुती खेळयंत्र म्हणजे तारा आणि सर्किटांत पक्का जखडलेला खेळ. टेनिसचं यंत्र टेनिसच खेळणार. कंटाळा आला की यंत्रच माळ्यावर. बदलता येणाऱ्या स्मृतीची मूळ कल्पना अल्पेक्स या छोट्या कंपनीतल्या वॉलेस किर्शनर आणि लॉरेन्स हॅस्केल यांची, आणि ते श्रेय त्यांना द्यायलाच हवं. पण प्रयोगशाळेतल्या टेबलावर चालणारं सर्किट आणि सात वर्षांच्या मुलाने हजारदा घालून-काढूनही टिकणारी कॅसेट यांत मोठं अंतर असतं. ते अंतर लॉसन यांच्या गटाने कापलं. चालू यंत्रात कुणी चिप घुसवली तर काय होईल? अंगावरच्या स्थिर विजेने ती जळेल का? शिवाय अमेरिकेच्या दूरसंचार आयोगाचे नियम होते. यंत्रातून निसटणाऱ्या रेडिओलहरींनी शेजारच्या टीव्हीवर मुंग्या यायला नकोत, म्हणून लॉसन यांना मुख्य सर्किट अॅल्युमिनियमच्या आवरणात बंद करावं लागलं, आणि प्रत्येक नवी कॅसेट आयोगाकडून तपासून घ्यावी लागली.

नोव्हेंबर १९७६ मध्ये त्यांचं 'चॅनेल एफ' विक्रीला आलं. कॅसेटी पिवळ्याधमक, त्या काळच्या एट-ट्रॅक गाण्यांच्या कॅसेटीएवढ्या. अटारीचं प्रसिद्ध यंत्र त्यानंतर दहा महिन्यांनी आलं आणि बाजार जिंकून गेलं, म्हणून पुष्कळ पुस्तकांत कॅसेटचं युग अटारीपासून मोजलेलं आढळतं. मला ते दर वेळी खटकतं. खेळ बनवणाऱ्यांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेने लॉसन यांचा सन्मान केला तो मार्च २०११ मध्ये, आणि एप्रिलमध्ये ते गेले.

आता कॅसेट घालायच्या या खाचेने पुढे काय केलं ते पाहा. कॅसेट ही नुसती साठवणीची वडी राहिली नाही. मूळ निन्टेंडोच्या प्रोसेसरला एकूण ६५,५३६ पत्ते कळत, आणि त्यांतले ३२,७६८ कॅसेटमधल्या प्रोग्रामच्या वाट्याला येत. पहिला 'सुपर मारिओ ब्रदर्स' तेवढ्यात नेमका बसतो: ३२ केबी प्रोग्राम, ८ केबी चित्रं, एकूण ४० केबी. जागा इतकी तोलून वापरलेली की आकाशातला ढग आणि जमिनीवरचं झुडूप हे एकच चित्र आहे, रंग तेवढा वेगळा. तुलनेसाठी हाच लेख घ्या. युनिकोडच्या यूटीएफ-८ रूपात देवनागरीच्या प्रत्येक चिन्हाला ३ बाइट लागतात. म्हणजे तुम्ही वाचत असलेला हा मजकूरच २५ केबीच्या आसपास भरेल. त्याच्या दुपटीहूनही कमी जागेत मारिओचं सगळं जग, संगीतासकट.

पण 'सुपर मारिओ ब्रदर्स ३' आहे ३८४ केबीचा. ३२ केबीच्या खिडकीतून तो दिसणार कसा? इथे मला पिंगुळीची चित्रकथी परंपरा आठवते. चित्रकथ्याकडे चित्रांची मोठी पोथी असते, पण प्रेक्षकांसमोर एका वेळी एकच चित्र उभं. कथा पुढे सरकली की हात ते चित्र बाजूला करतो आणि पुढचं समोर आणतो. प्रेक्षकाची नजर एकाच जागी, पण तिथे रामायण उलगडत जातं. कॅसेटमध्ये बसवलेली 'मॅपर' नावाची चिप म्हणजे तो हात. प्रोसेसर एकाच ठिकाणी पाहत राहतो, आणि मॅपर तिथे पोथीतलं हवं ते पान आणून ठेवतो. असे मॅपर डझनावारी झाले. काहींनी आणखी कामं उचलली. मारिओ ३ मध्ये पडद्याच्या तळाशी गुणांची पट्टी स्थिर असते आणि वरचं दृश्य पळत राहतं, ते मॅपर पडद्यावरच्या रेघा मोजत असतो म्हणून. पुढच्या पिढीत तर 'स्टार फॉक्स'च्या कॅसेटमध्ये सुपर एफएक्स नावाचा स्वतंत्र प्रोसेसरच होता. यंत्र विकून झाल्यावरही त्याची ताकद वाढवता येत होती, आणि ती वाढायची त्या खाचेतून.

आपल्याकडे ही खाच आली ती तैवान-चीनमधल्या नकली यंत्रांच्या रूपाने. महाराष्ट्रात ज्यांनी नव्वदच्या दशकात काँट्रा खेळला, त्यांतल्या बहुतेकांनी खरं निन्टेंडो यंत्र पाहिलेलंही नसेल. सोबतच्या कॅसेटवर '९९९९९९ इन १' छापलेलं असे. यादी उघडली की पानंच्या पानं नावं, पण खेळ मोजकेच. बाकीच्या ओळी त्याच खेळाला वेगळ्या पातळीवरून, जास्त जिवांनिशी सुरू करत. सुरुवातीला स्मृतीतले एक-दोन आकडे बदलायचे, की 'नवा' खेळ तयार. कॉपीराइट धाब्यावर बसवून केलेला तो धंदा होता, यात शंका नाही. तरी त्या निनावी तंत्रज्ञांनी बनवलेले, एका कॅसेटमध्ये अनेक खेळ फिरवणारे मॅपर पाहिले की त्यांच्या हाताला दाद द्यावीशी वाटते.

तर भाच्याचा डबा. त्याच्या पोटात आहे ऑलविनर कंपनीची आर१६ ही चिप, स्वस्त टॅब्लेटच्या कुळातली. चार एआरएम गाभे, २५६ एमबी रॅम, ५१२ एमबी फ्लॅश स्मृती, आणि वर लिनक्स. म्हणजे झाकणामागे चक्क एक पूर्ण संगणक आहे, आणि तो जुन्या निन्टेंडो यंत्राची नक्कल करतो. खेळ घालायची वाट मागच्या बाजूला आहे, रोज वीज देणाऱ्या यूएसबीच्या तारेतच. चिपच्या आत, कधीही पुसता न येणाऱ्या स्मृतीत एक छोटा प्रोग्राम कोरलेला असतो. कारखान्यात पट्ट्यावरून आलेल्या कोऱ्या डब्यात पहिल्यांदा सॉफ्टवेअर भरण्यासाठी त्याची गरज. तो प्रोग्राम चालू असतानाच्या अवस्थेला 'फेल' म्हणतात, पण तिचा अपयशाशी काही संबंध नाही. डबा संगणकाला जोडायचा, रीसेट दाबून धरायचं आणि मग पॉवर दाबायचं. एरवी पेटणारा लाल दिवा पेटत नाही. डबा मेल्यासारखा वाटतो, पण तो ऐकत असतो: 'काय भरायचंय, द्या.'

या चिपच्या खाचाखोचा आधीपासून हुडकून, लिहून ठेवणारा स्वयंसेवकांचा एक गट होता. त्यांना खेळांशी घेणंदेणं नव्हतं, फक्त स्वस्त टॅब्लेटवर मुक्त लिनक्स चालवायचं होतं. त्यांच्या हत्यारांवर 'मॅडमंकी' आणि 'क्लस्टर' अशा टोपणनावांनी वावरणाऱ्या रशियन प्रोग्रामरांनी हाकची उभी केली. ती आधी डब्यातल्या मूळ प्रणालीच्या गाभ्याची प्रत संगणकावर उतरवून घेते. ही प्रत जपून ठेवणं हे या सगळ्या उद्योगातलं सर्वांत महत्त्वाचं काम. काही बिघडलं तरी डबा पूर्ववत करायची किल्ली तीच. मग ती बदललेला गाभा परत चढवते. मूळ खेळांच्या फाइलींना हात लागत नाही. नकाशावर ट्रेसिंग पेपर ठेवून वर नवे रस्ते काढावेत तशी नवी यादी जुन्या यादीवर अंथरली जाते. कागद उचलला की खाली मूळ नकाशा जसाच्या तसा.

फाइल आत गेली म्हणून खेळ चालेलच असं मात्र नाही. खेळाबरोबर कॅसेटमधला तो हात, तो मॅपरही लागतो, आणि आता चिप तर नाही. १९९० च्या दशकात मरात फैझुलिन या प्रोग्रामरने आयएनईएस नावाच्या आपल्या एम्युलेटरसाठी, म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणाऱ्या प्रणालीसाठी, एक साधी युक्ती काढली: प्रत्येक फाइलच्या माथ्यावर १६ बाइटची चिठ्ठी. पहिली तीन अक्षरं एन, ई, एस. पुढे प्रोग्राम किती, चित्रं किती आणि मॅपर कोणत्या क्रमांकाचा. पहिल्या मारिओचा क्रमांक ०, अमेरिकी काँट्राचा २, मारिओ ३ चा ४. एका हौशी माणसाची ही चिठ्ठी निन्टेंडोचा स्वतःचा एम्युलेटरही वाचतो. 'काचीकाची' नावाचा हा एम्युलेटर कंपनीच्या पॅरिसमधल्या संशोधन गटाने लिहिला. त्याला मोजकेच मॅपर ठाऊक आहेत. इतर क्रमांकाची चिठ्ठी दिसली की तो खेळ सुरू करत नाही. तेव्हा रेट्रोआर्क या मुक्त प्रणालीची मदत घ्यावी लागते.

एम्युलेटर लिहिणाऱ्याची कसोटी मला नकलाकाराच्या कसोटीसारखी वाटते. चांगला नकलाकार पुढाऱ्याचा आवाज तर काढतोच, पण त्याचं मध्येच खाकरणंही उचलतो. मूळ यंत्राला पडद्याच्या एका आडव्या रेघेवर आठांपेक्षा जास्त हलती चित्रं दाखवता येत नसत. शत्रूंची गर्दी झाली की ते लुकलुकायला लागत. आजच्या चिपला शेकडो चित्रं दाखवणं सहज शक्य आहे, पण मग तो जुना खेळ राहत नाही. काही खेळांनी त्या मर्यादेचाच वापर करून चित्रं लपवली आहेत. म्हणून दोषही मोजूनमापून उतरवावे लागतात. पॅरिसच्या त्या गटाला आपलं काम उघडून पाहणारे लोक येणार हे ठाऊक असावं. प्रणालीच्या आत त्यांनी 'हानाफुदा कॅप्टन' या नावाने एक निरोप लपवून ठेवला आहे: खूप कष्ट, खूप तास यात गेले आहेत, तेव्हा सगळं नीटनेटकं ठेवा, मोडतोड करू नका. हानाफुदा म्हणजे जपानी पत्ते. १८८९ मध्ये क्योटोत निन्टेंडो सुरू झाली ती हे पत्ते बनवण्यासाठी. कुलूप लावणाऱ्याने कुलूप उघडणाऱ्याला इतक्या मायेने बोलावं, हे मी फार कमी ठिकाणी पाहिलं आहे.

राहिला कायदा. इंटरनेटवरून हजार खेळ उतरवून घेणं ही चोरी आहे आणि मी ती भाच्याला शिकवणार नाही. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं कलम ५२ प्रोग्रामच्या कायदेशीर धारकाला नुकसानीपासून संरक्षण म्हणून राखीव प्रत करायची मुभा देतं. ज्याच्याकडे मूळ कॅसेट आहे त्याच्यासाठी हे ठीक. ताईच्या कॅसेटी नकली होत्या आणि त्याही कधीच भंगारात गेल्या. पण याची दुसरी बाजूही नोंदवली पाहिजे. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनच्या २०२३ मधल्या अभ्यासात आढळलं की २०१० पूर्वी अमेरिकेत प्रकाशित झालेल्या जुन्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात विकतच मिळत नाहीत. विकत घ्यायची तयारी असलेल्या माणसालाही मिळत नाहीत. तीस-तीस खेळ निवडून डब्यात बंद करायचे आणि उरलेल्यांवर धूळ साचू द्यायची, हा वारसा सांभाळायचा मार्ग नव्हे.

काँट्राऐवजी आम्ही 'मायक्रो मेजेस' घेतला. २०१९ मध्ये मॉर्फकॅट गेम्स या छोट्या गटाने जुन्या निन्टेंडोसाठी हा नवाकोरा खेळ लिहिला. मुद्दाम ४० केबीत, पहिल्या मारिओएवढ्याच जागेत, मॅपर क्रमांक ०. पैसे भरले, फाइल मिळाली. भाच्याने रीसेट दाबून धरलं आणि मी पॉवर दाबलं. लाल दिवा पेटला नाही. आधी गाभ्याची प्रत उतरवली, ती दोन ठिकाणी ठेवली, मग खेळ चढवला. डबा टीव्हीला जोडला तेव्हा यादीच्या खाली ३१ हा आकडा दिसला.

डब्यासोबत एकच रिमोट येतो. ताई आणि भाचा तो रात्रीपर्यंत आलटून पालटून घेत होते. मधल्या एका खेपेला भाच्याने लॉसन यांच्या पिवळ्या कॅसेटचा फोटो मागून घेतला, मोठा करून पाहिला, आणि विचारलं, "ही कुठल्या बाजूने आत जायची?"