दर सोळा दिवसांना एक पुस्तक लिहिणारा मराठी लेखक: कोण होते बाबूराव अर्नाळकर?

गंगाखेडहून राणीसावरगावला जाणाऱ्या एसटीत आता पोरं मोबाईलवर वेब सीरिज बघत बसलेली असतात. माझे आजोबा याच रस्त्याला ‘काळापहाड’ वाचायचे. खुनी सापडायच्या आत गाव आलं की चिडायचे म्हणे.

काळापहाड, झुंजार, धनंजय आणि त्याचा छोटू ही सगळी बाबूराव अर्नाळकरांची पात्रं. लेखकाचं खरं नाव चंद्रकांत सखाराम चव्हाण. मुंबईत त्यांचं चष्म्याचं दुकान होतं.

गिनीज बुकात त्यांच्या नावावर १९३६ ते १९८४ या काळातल्या १,०९२ रहस्यकथांची नोंद झाली. आता हिशोब करा. ४८ वर्षांत १,०९२ म्हणजे साधारण १६ दिवसांना एक. आमच्याकडे एवढ्या दिवसांत लग्नाची पत्रिकासुद्धा छापून येत नाही!

हे जमलं कसं? एक तर नायक ठरलेले. झुंजार दुष्ट धनिकांना लुटतो आणि गरिबांना मदत करतो, हे वाचकाला आधीच ठाऊक असायचं. ओळख करून देण्यात पानं जात नसत, थेट भानगडीला सुरुवात. पुस्तकं छोटी, भाषा सोपी. नुकतं वाचायला शिकलेला माणूसही एका बैठकीत संपवायचा.

दुसरं कारण जरा अडचणीचं आहे. बऱ्याच कल्पना परदेशी होत्या. धनंजय-छोटूच्या मागे होम्स आणि वॉटसन उभे आहेत. काळापहाड हा ब्रूस ग्रॅमच्या ‘ब्लॅकशर्ट’वरून घेतलेला. दिवसा लेखक, रात्री चोर!

मग ही नुसती नक्कल का? मला तसं वाटत नाही. इंग्रजी न येणाऱ्या लाखो लोकांना ही माणसं आपल्याच मुंबईतली वाटली, ते काम अर्नाळकरांच्या मराठीचं. तरीही ‘साहित्य’ म्हटलं की त्यांचं नाव मागेच राहिलं. पोरं ही पुस्तकं अभ्यासाच्या पुस्तकात लपवून वाचायची, कारण घरच्यांच्या मते हे वाया जाण्याचं लक्षण होतं.

१९९६ साली अर्नाळकर गेले. त्यांची पुस्तकं छापली गेली स्वस्तातल्या कागदावर, आणि जपून ठेवायची असतात असं कुणाला वाटलंच नाही. त्यामुळे जुन्या प्रती आज संग्राहकांकडे शोधाव्या लागतात. आजोबांच्या ट्रंकेतल्या निम्म्या वाळवीने खाल्ल्या. उरलेल्या आम्हीच रद्दीत घातल्या, किलोच्या भावाने.