५ ग्रॅमची चूक नेमकी किती मोठी?



दुकान सुरू केलं तेव्हा माझ्याकडे एकच काटा होता, ३० किलोचा. तांदूळ त्यावरच आणि ५० ग्रॅम वेलचीची पाकिटंही त्यावरच. एक किलोत २० पाकिटं व्हायला हवीत, माझी १८च व्हायची. मी कामाच्या मुलावर संशय घेतला. शेवटी शेजारच्या बारीक काट्यावर पाकीट ठेवलं, तर ५५ ग्रॅम! त्या मुलाची माफी मागितली.

आता हिशोब बघा. १ किलो तांदळात ५ ग्रॅमची चूक म्हणजे फक्त अर्धा टक्का. ५० ग्रॅम वेलचीत तीच चूक १० टक्के! ग्रॅम तेवढेच, पण मालाच्या मानाने चूक वीसपट. हीच सापेक्ष त्रुटी. वेलचीत आपला नफाच १० टक्के असेल, तर तो तिथेच संपला.

आणि ५ ग्रॅम कमी भरलं तर? पॅकबंद मालाच्या २०११ च्या नियमांत १ किलोच्या पाकिटाला १५ ग्रॅमपर्यंत तफावत चालते, ५० ग्रॅमच्या पाकिटाला फक्त साडेचार. म्हणजे तिथे तुम्ही थेट नियमाबाहेर.

मग करायचं काय? काट्यावरची पाटी वाचा. त्यावर मॅक्स, मिन आणि ई लिहिलेलं असतं. माझ्या काट्याचं मिन १०० ग्रॅम होतं आणि मी मोजत होतो ५०! छोट्या पाकिटांना १ ग्रॅम किंवा त्याहून बारीक मोजणारा, शिक्का असलेला काटा घ्या.

आज दुकान बंद करण्याआधी ती पाटी नक्की वाचा.