खेळ चालवणाऱ्याची नोकरी



"हुतूतू खेळून कोणाचे पोट भरले आहे का?" हा प्रश्न आपल्या राजापूर तालुक्यात घरोघरी विचारला जातो. प्रश्न चुकीचा नाही. पूर्वी त्याचे उत्तर एवढेच होते, की चांगला खेळणाऱ्याला रेल्वेत, पोलिसांत, बँकेत किंवा मुंबईच्या एखाद्या कंपनीत खेळाडू म्हणून नोकरी लागे. पण संघात घ्यायचे बारा-चौदा, आणि मैदानावर घाम गाळणारी मुले शेकडो. उरलेल्यांचे काय? त्यांतल्या काहींना उपयोगी पडेल अशी एक वाट अलीकडे तयार झाली आहे. ती आहे खेळ चालवणाऱ्याची, म्हणजे लीगच्या कारभाऱ्याची.

आंबा बागायतदाराला हे चटकन कळेल. हापूसचे झाड राखणारा एक असतो; पण तोडणी, प्रतवारी, पेटी, ट्रक, वाशीचा दलाल आणि शेवटी हातात येणारी पट्टी, ही सारी साखळी कोणीतरी सांभाळावी लागते. साखळी तुटली की उत्तम फळही मातीमोल होते. कबड्डी हे असेच उत्तम फळ होते. बाजार मात्र नव्हता.

तो बाजार ज्यांनी मांडला त्यांतले एक चारू शर्मा. मूळचे हे गृहस्थ समालोचक. २००८ साली क्रिकेटची आयपीएल सुरू झाली तेव्हा बंगळूरच्या संघाचे मुख्य कार्यकारी अधिकारी म्हणून त्यांना नेमले. संघ हरत गेला आणि मोसम संपण्याआधीच त्यांना ते पद सोडावे लागले. चेंडू एकाने टाकायचा, झेल दुसऱ्याने सोडायचा आणि नोकरी तिसऱ्याची जायची, असा या धंद्यातला न्याय आहे. मुलाला या वाटेने पाठवताना आईवडिलांनी हे आधी ध्यानात घ्यावे.

त्याआधी २००६ साली दोहा येथील आशियाई खेळांत समालोचन करताना शर्मांनी कबड्डीला लोटलेली गर्दी पाहिली होती. परदेशात लोक हा खेळ एवढ्या आवडीने पाहतात, मग आपल्या देशात तो टीव्हीवर का नसावा, हा विचार त्यांच्या मनात राहिला. उद्योगपती आनंद महिंद्र यांच्यासह त्यांनी 'मशाल स्पोर्ट्स' ही कंपनी उभी केली आणि २६ जुलै २०१४ रोजी मुंबईत प्रो कबड्डी लीगचा पहिला सामना झाला. संघ होते आठ. २०१७ साली ते बारा झाले.

आता कारभारी नेमके करतो काय? पहिले काम, खेळ पाहणाऱ्याला समजेल असा करणे. आपल्याकडे मातीवर दम टिकेपर्यंत चढाई चाले. लीगमध्ये मॅट आली आणि चढाईला तीस सेकंदांचे घड्याळ लागले. दोन चढाया रिकाम्या गेल्या तर तिसरीत गुण घ्यायचा, नाहीतर बाद. मैदानात तीन किंवा कमी गडी उरले असताना पकड केली तर दोन गुण. जुन्या खेळाडूंना यातले काही रुचत नाही. मातीचा खेळ मातीवरच शोभतो असे मलाही वाटते. पण टीव्हीसमोर बसलेल्या, खेळ न कळणाऱ्या माणसाला या नियमांनी खिळवून ठेवले, हे मान्य केले पाहिजे.

दुसरे काम पैशाचे, आणि खरी गोम इथेच आहे. तिकीटविक्रीवर लीग चालत नाही. मोठा पैसा येतो तो प्रक्षेपणाचे हक्क विकून आणि जाहिरातदारांकडून. प्रो कबड्डीचे २०२१ पासूनच्या पाच मोसमांचे हक्क नऊशे कोटींहून अधिक रकमेला गेले. संघमालक लीगला शुल्क भरतात आणि सामाईक उत्पन्नातून वाटा घेतात. खेळाडूंवर प्रत्येक संघाने किती खर्च करायचा याला मर्यादा घातलेली असते, नाहीतर श्रीमंत मालक सगळे चांगले गडी उचलील आणि सामन्यात राम उरणार नाही. ज्याचे शेत पाटाच्या तोंडाशी त्यानेच सारे पाणी घेतले तर खालच्यांची भाजी सुकते, तसेच हे आहे. पाळी लावणारा कोणीतरी हवा.

या कारभाराने खेळाडूचे काय झाले ते आकड्यांतच पाहा. २०१४ च्या पहिल्या लिलावात सर्वाधिक बोली राकेश कुमारवर लागली, १२ लाख ८० हजारांची. पाच वर्षांनी, २०१९ साली, आपल्या कोल्हापूर जिल्ह्यातल्या सिद्धार्थ देसाईला १ कोटी ४५ लाख मिळाले. गडी तेवढ्याच ताकदीचे होते. वाढली ती बाजारपेठ.

अडचण आली की कारभाऱ्याची परीक्षा होते. कोरोनामुळे २०२० चा मोसम बुडाला. पुढच्या वर्षी डिसेंबरात बंगळूरला एकाच हॉटेलात सर्व संघ ठेवले, तिथेच मॅट टाकली आणि प्रेक्षकांवाचून सामने खेळवले. जेवण, तपासण्या, पंच, कॅमेरे, दुखापती, वेळापत्रक, सारे एका छपराखाली. लग्नघरात दोन दिवस पाहुणे सांभाळले तरी आपण थकतो, यांनी दोन महिने सांभाळले!

लीग आली म्हणून त्याआधी काही नव्हते असे मात्र समजू नका. शंकरराव तथा बुवा साळवी यांनी संघटनेच्या कामात आयुष्य घातले. राज्याराज्यांतले निरनिराळे नियम एका सूत्रात आणणे आणि हा खेळ आशियाई पातळीवर नेणे, यात त्यांच्या पिढीच्या कार्यकर्त्यांची मेहनत आहे. १९९० साली बीजिंगच्या आशियाई खेळांत कबड्डीला पदकाचा मान मिळाला आणि भारताने सुवर्ण घेतले. बुवांचा जन्मदिवस, १५ जुलै, महाराष्ट्रात कबड्डी दिन म्हणून पाळतात. त्यांना लीगच्या कारभाऱ्यांसारखे पगार नव्हते, पण काम तेच होते.

तुमच्या मुलाला किंवा मुलीला ही आवड आहे का, हे ओळखायला मुंबईला जावे लागत नाही. भातकापणीनंतर वाडीत सामने होतात तेव्हा तो फक्त चढाया मोजतो, की वर्गणीची वही लिहितो? सामना नऊला ठरला आणि साडेअकराला सुरू झाला, याची त्याला चीड येते का? पंचाच्या निर्णयावर दोन मंडळे हातघाईवर आली की तो मध्ये पडून मिटवतो का? अशा मुलाला गुणलेखनाला बसवा. राज्य संघटनेची पंच परीक्षा द्यायला सांगा. बारावीनंतर वाणिज्य शाखा घेतली तर हिशोब आणि करार समजतील. इंग्रजी बोलायची भीड मोडली पाहिजे, संगणक आला पाहिजे.

मुलींसाठी वेगळे सांगतो. २०१६ साली लीगने महिलांची तीन संघांची स्पर्धा घेतली, पण पुढच्या वर्षी ती झाली नाही. खेळाडू म्हणून मुलींना अजून पुरुषांएवढा पैसा नाही. कारभाराच्या खुर्चीला मात्र ताकद लागत नाही, डोके लागते.

खेळ व्यवस्थापनाचे शिक्षण आता मिळते. माजी कसोटीपटू नीलेश कुलकर्णी यांनी २०१० साली मुंबईत अशी संस्था काढली. हे तेच, ज्यांनी १९९७ मध्ये कोलंबोला कसोटीतल्या आपल्या पहिल्याच चेंडूवर बळी घेतला आणि मग श्रीलंकेने ९५२ धावा कुटताना पाहिल्या. इतर ठिकाणीही असे अभ्यासक्रम निघाले आहेत, आणि त्यांचे शुल्क लहान बागायतदाराला जड जाईल असे असते. बियाण्याच्या पिशवीवरचे चित्र पाहून आपण खरेदी करत नाही, लेबल वाचतो. इथेही संस्थेच्या पत्रकावरचे खेळाडूंचे फोटो बाजूला ठेवा. पदवी कोणत्या विद्यापीठाची आहे, मागच्या वर्षी किती मुले कुठे आणि किती पगारावर लागली, हे लेखी मागा. यासाठी कलमे गहाण टाकू नका. सगळ्या लीग टिकत नाहीत. हॉकीची लीग २०१७ नंतर बंद पडली ती २०२४ च्या डिसेंबरात पुन्हा सुरू झाली. २०१९ ची प्रो व्हॉलीबॉल लीग एका मोसमातच आटोपली. तिथे नोकरीला असलेल्यांना दुसरीकडे काम शोधावे लागले. म्हणून साधी पदवी आधी, खास अभ्यासक्रम नंतर, हा क्रम ठेवलेला बरा. स्पर्धा आणि शासकीय योजनांची माहिती रत्नागिरीच्या जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात मिळते. जाताना मुलाला बरोबर न्या, आणि प्रश्न त्यालाच विचारू द्या.