ग्रीक शोकान्तिकांची पोथीपरंपरा व वऱ्हाडांतील सुटीं पानें

ग्रीक शोकान्तिकांचा अभ्यास म्हटला म्हणजे आमच्याकडील वाचकाच्या डोळ्यांपुढें रंगभूमि व काव्यशास्त्र हीं उभीं राहतात. पु. ल. देशपांडे यांचें 'राजा ओयदिपौस' आणि गो. वि. करंदीकर यांनीं १९५७ सालीं मराठींत आणलेलें ॲरिस्टॉटलचें काव्यशास्त्र यांमुळें ही ओळख अधिक दृढ झाली. परंतु या नाटकांस दुसरीहि एक बाजू आहे व ती पोथीसंग्राहकांच्या जिव्हाळ्याची आहे. हीं नाटकें आपल्या हातीं आलीं कशीं, आणि जीं आलीं नाहींत तीं कशानें नाहींशीं झालीं? मेहकर तालुक्यांतील जानेफळ व आसपासचीं गांवें येथें पोथ्यांचा शोध घेणारांस या प्रश्नाचें उत्तर उपयोगीं पडेल, असें वाटल्यावरून हा विषय येथें मांडीत आहों.

प्रथम हानीचा हिशेब पाहूं. अथेन्स नगरांत इ. स. पू. पांचव्या शतकांत डायोनायसस देवाच्या उत्सवांत नाटकांची स्पर्धा होत असे. सोफोक्लीझानें १२० हून अधिक नाटकें रचलीं. त्यांपैकीं समग्र अशीं ७ उरलीं. एस्किलसाचींहि ७ च, व त्यांतील एकाच्या कर्तृत्वाविषयीं वाद आहे. युरिपिडीझाच्या सुमारें ९० नाटकांपैकीं १९ त्याच्या नांवावर मिळतात. त्यांतीलहि एक त्याचें नसावें असें बहुतेकांचें मत आहे. त्या काळच्या इतर शोकनाट्यकारांच्या नांवावर समग्र असें एकहि नाटक आज नाहीं.

ही हानि केवळ अनास्थेनें झाली असें म्हणतां येत नाहीं. इ. स. पू. चौथ्या शतकांत लायकर्गस या अथेन्सच्या मुत्सद्द्यानें या तिन्ही कवींच्या नाटकांची अधिकृत प्रत सरकारी दप्तरीं ठेवविली. गेलेन नांवाचा वैद्य सांगतो कीं, इजिप्तच्या टॉलेमी राजानें ही प्रत नकलेसाठीं मागून आणली व १५ टॅलेंट चांदी अनामत ठेविली. पुढें सुंदर नकला करून त्या परत धाडल्या आणि मूळ प्रत स्वतःच ठेवून अनामत सोडून दिली. पोथी उसनी देणाऱ्या प्रत्येक गृहस्थानें ही कथा ध्यानांत ठेवावी. परंतु अथेन्सची सरकारी प्रत काय किंवा राजाचें ग्रंथालय काय, दोन्हींपैकीं कांहींच आज उरलेलें नाहीं.

उरलें तें दोन वाटांनीं उरलें. पहिली वाट निवडीची. शाळेंत शिकविण्यासाठीं एस्किलसाचीं ७, सोफोक्लीझाचीं ७ व युरिपिडीझाचीं १० नाटकें टीकेसह प्रचारांत राहिलीं. बाकीच्यांच्या नकला होईनाशा झाल्या. पुढें इ. स. नवव्या शतकाच्या सुमारास ग्रीक लेखकांनीं मोठीं सुटीं अक्षरें टाकून लहान वळणदार अक्षर पत्करिलें. त्या वेळीं नव्या अक्षरांत जें उतरलें नाहीं, तें बहुतेक कायमचेंच गेलें.

निवडलेल्या नाटकांचें आयुष्यहि फार बळकट होतें असें नाहीं. फ्लॉरेन्स येथील लॉरेन्शियन ग्रंथालयांत इ. स. दहाव्या शतकांतील एक हस्तलिखित आहे. एस्किलसाच्या 'शरणार्थिनी' व 'तर्पण नेणाऱ्या स्त्रिया' या दोन नाटकांचा पाठ सर्वस्वीं त्या एका प्रतीवर अवलंबून आहे. दुसऱ्या नाटकाच्या आरंभींचें पान त्या प्रतींतून गळालें आहे. ॲरिस्टोफेनीझानें आपल्या एका प्रहसनांत थट्टेसाठीं त्यांतील कांहीं ओळी घेतल्या होत्या, म्हणून आरंभाचा थोडा भाग तरी हातीं लागला.

दुसरी वाट योगायोगाची. कोणी एकानें पूर्वीं युरिपिडीझाचीं समग्र नाटकें वर्णानुक्रमानें लावून ठेविलीं होतीं. त्या संग्रहाचा मधला तुकडा तेवढा तगला. त्यायोगें ९ नाटकें अशीं मिळालीं कीं, ज्यांची निवड कोणी केली नव्हती. त्यांचीं ग्रीक नांवें चार अक्षरांतच आटोपतात. यांतील 'हेलेन', 'आयॉन' व 'टॉरिसमधील इफिजेनाया' हीं नाटकें वियोगानंतर ओळख पटून पुनर्मीलनांत संपतात. आयॉनची ओळख त्याच्या पाळण्यांतील खुणांवरून पटते, तेव्हां आपल्याकडील वाचकास शकुंतलेच्या मुद्रिकेची आठवण झाल्यावांचून राहत नाहीं. 'शोकान्तिका' हा आपला शब्द त्या ग्रीक नाट्यप्रकारास पुरा पडत नाहीं, हें या तुकड्यानें फार स्पष्ट करून दाखविलें.

या ९ नाटकांचा आधार चौदाव्या शतकारंभींची एक प्रत आहे. तीहि लॉरेन्शियन ग्रंथालयांतच आहे. दुसरी एक प्रत स्वतंत्र कीं हिचीच नक्कल, याविषयीं दीर्घकाळ वाद चालला. गुंथर झुंट्झ या पंडितानें मूळ प्रत हातीं घेऊन पाहिली, तेव्हां छायाचित्रांत विरामचिन्ह भासणारी एक खूण ही वस्तुतः कागदांत रुतलेली गवताची बारीक काडी आहे, असें आढळलें. दुसऱ्या प्रतीच्या लेखकानें तेंच चिन्ह समजून उतरून घेतलें होतें! नक्कल कोणती हें ठरविण्यास याहून चांगला पुरावा कोणता? त्यांचा ग्रंथ १९६५ सालीं निघाला.

उकिरड्यांनींहि भर घातली आहे. इजिप्तमधील ऑक्सिरिंकस येथें ग्रेनफेल व हंट यांनीं १८९६–९७ सालापासून कचऱ्याचे ढीग उकरले. त्यांतून युरिपिडीझाच्या 'हिप्सिपिली'चे मोठे अंश व सोफोक्लीझाच्या 'माग काढणारे' या नाटकाचा बराच भाग मिळून ते अनुक्रमें १९०८ व १९१२ सालीं प्रसिद्ध झाले. वर उल्लेखिलेलें 'शरणार्थिनी' हें उपलब्ध नाटकांत सर्वांत जुनें, असें पंडित समजत. १९५२ सालीं छापलेल्या पपायरसाच्या एका चिठोऱ्यावर स्पर्धेच्या निकालाची टीप निघाली. तींत सोफोक्लीझाचें नांव प्रतिस्पर्धी म्हणून आहे. तेव्हां नाटकाचा काल इ. स. पू. ४६० नंतरच्या नव्हे, तरी ४७० नंतरच्या दशकांत आणावा लागला व नाट्यविकासाची जुनी मांडणी ढासळली. २०२२ सालीं इजिप्तमध्येंच सांपडलेल्या पपायरसावर युरिपिडीझाच्या दोन लुप्त नाटकांच्या सुमारें शंभर ओळी मिळाल्या. त्या २०२४ सालीं प्रसिद्ध झाल्या.

आतां आपल्या टापूकडे वळूं. चक्रधरस्वामींच्या लोणार येथील वास्तव्याच्या हकीकती ज्यांत आहेत, त्या लीळाचरित्राचें मूळ पुस्तक दिल्लीच्या फौजांच्या धामधुमींत नष्ट झालें व शिष्यांच्या स्मरणांतून तें पुन्हां सिद्ध झालें, असें महानुभाव परंपरा सांगते. त्यामुळें त्याचे पाठ अनेक झाले. या पंथाच्या पोथ्या सांकेतिक लिप्यांत असल्यामुळें बाहेरच्यांस शतकानुशतकें अज्ञात होत्या. सकळ लिपीचा उलगडा वि. का. राजवाड्यांनीं केला. याच बुलढाणा जिल्ह्यांतील नरवेल येथें १९०८ सालीं जन्मलेले डॉ. वि. भि. कोलते यांनीं संपादिलेलें लीळाचरित्र १९७८ सालीं निघालें. ग्रीक व लॅटिन ग्रंथांवर वाढलेली पाठचिकित्सेची पद्धति बर्लिन येथें शिकलेले डॉ. वि. सी. सुकथनकर यांनीं पुण्याच्या भांडारकर संस्थेंत महाभारतास लाविली व आदिपर्व १९३३ सालीं पुरें केलें. मात्र महाभारताच्या सर्व प्रती एका मूळ लिखित प्रतीपर्यंत नेतां येत नाहींत, हें ओळखून त्यांनीं त्या पद्धतीस मुरड घातली.

या सर्वांवरून संग्राहकांनीं घ्यावयाचा बोध असा. जानेफळासारख्या गांवीं माळ्यावरचें बासन उतरलें म्हणजे पूर्ण पोथी तेवढी ठेवून सुटीं पानें नदींत सोडण्याचा प्रघात आहे. त्यामागील भावना पूज्यबुद्धीची असते, यांत संशय नाहीं. तथापि जें पान विसर्जित झालें, त्याचीच दुसरी प्रत कोठें असेल असा भरंवसा कोणी द्यावा? प्रसिद्ध ग्रंथांच्याच पोथ्या जपणें म्हणजे शाळेची निवड पुन्हां करणें होय. तेव्हां सुटीं पानें त्याच बासनांत, त्याच क्रमानें ठेवावीं. पुठ्ठ्यास चिकटविलेले जुने कागद सोलून टाकूं नयेत. हरताळ लावलेलीं अक्षरें, समासांतील टीपा व शेवटचा शक-मिति-लेखकनामाचा मजकूर जसाच्या तसा उतरून घ्यावा. पोथी कोणत्या गांवीं मिळाली हें तत्काळ लिहावें. छायाचित्रें अवश्य घ्यावींत, परंतु तीं घेतलीं म्हणून मूळ पोथी टाकूं नये; काडी आणि विरामचिन्ह यांतील भेद छायाचित्रांत दिसला नव्हता. आणि पोथी उसनी देतांना टॉलेमीची आठवण ठेवून नक्कल द्यावी, मूळ आपणांपाशीं राखावें.